तांब्याची तार

२००३ सालच्या उन्हाळ्यात अर्जुनीहून केशोरीला येणारी बस खड्ड्यात आदळून बंद पडली. टपावरचं तांब्याच्या तारेचं बंडल खाली पडून सुटलं. तार अर्जुनीच्या बकाराम मिस्त्रींची, केशोरीतल्या एका कामासाठी चाललेली. ते शेतीपंपाच्या मोटरा भरायचे, म्हणजे आतली जळकी तार काढून नवी गुंडाळायचे.

"ओढू नोका!" ते गोळा करणाऱ्यांवर ओरडले. "घडी पडली तं वार्निश जाते, मोटर पुन्हा जळते."

बारावी होऊन घरी बसलेली अल्का त्याच बसमध्ये होती. दुसरी बस येईपर्यंत तिनं रस्त्याकडेला बसून सगळा गुंता सोडवला. कुठंही घडी पडली नाही.

"आजकाल का करून राहिली, पोरी?"

"काई नाही. घरचे लग्नासाठी पाहुणे पाहून राहिले."

"मंग दुकानात ये. मले आता बारीक दिसत नाही."

घरी वडील शालिकराम म्हणाले, "मोटर भरनारी बाई पाह्यली का कोनी?"

"आता पाहतीन."

दोन वर्षं ती अर्जुनीला मिस्त्रींकडे शिकली आणि केशोरीत स्वतःचं दुकान टाकलं. लोक येत, बघत, आणि मोटर मिस्त्रींकडेच नेत. वडिलांनी सांगून टाकलं, "उन्हाळ्यात एक तरी मोटर आली तं ठीक. नाही तं दुकान बंद, पाहुणे बोलावतो."

मार्चमध्ये लखनलाल रहांगडालेंची मोटर जळली. उन्हाळी धान पिवळं पडत होतं आणि मिस्त्रींकडे मोटरांची रांग होती. नाइलाजानं ते अल्काकडे आले.

"भरशील, का पोळ्या लाटशील?"

"पोळ्या तुमच्या घरी खाईन, काकाजी. पानी आल्यावर."

दुसऱ्या दिवशी अल्कानं मोटर भरून विहिरीवर जोडली, तेव्हा बघायला वडिलांसह दहा-बारा जण जमले. स्टार्टर दाबला. मोटर फिरली, पाणी आलं नाही.

"बोलवा पाहुणे!" शेजारच्या शेतातला गोवर्धन हसला.

  अल्कानं मोटरीला हात लावला, गरम नव्हती. आवाज एकसारखा होता. मग मागच्या पंख्याकडे पाहिलं. तो उलटा फिरत होता. थ्री-फेजच्या दोन तारांची जोडताना अदलाबदल झाली की असं होतं. तिनं मोटर बंद केली.

"काऊन बंद केली? जळली का?" लखनलाल ओरडले.

"जळली नाही. जोडनीत माही चूक झाली. थांबा."

तिनं त्या दोन तारांची जागा बदलली आणि पुन्हा स्टार्टर दाबला. पाइप थरथरला, आणि पाणी धानाच्या बांधीत पडलं.

लखनलाल फावडं घेऊन पाणी वळवायला पळाले. तिथूनच ओरडले, "घरी अजून एक जळकी पडली हाये! घेऊन जाजो!"

"दुकानात आनून द्या!"

शालिकराम हळूच म्हणाले, "मंग पाहुण्यांले का सांगू?"

"सांगा, पोरगी कामात हाये."