ताप उतरवणारा आवाज

"उष्टा हाय हा आवाज. पुसून टाक," असं म्हणून बाई नाक मुरडायच्या आणि हेडफोन काढून टेबलावर ठेवायच्या. ज्याला कुठल्याही भाषेत आधीच अर्थ आहे, असा आवाज त्यांना चालत नसे. चुकून तोंडून निघालाच, तर पदराने ओठ पुसत. शिळ्या भाजीपेक्षा शिळ्या शब्दाची जास्त किळस येणारी अशी माणसं तुम्हीही कुठे तरी पाहिली असतील.

जालन्यात माझा छोटासा स्टुडिओ आहे. रिक्षाच्या भोंग्यावरच्या आणि बियाण्यांच्या जाहिराती हेच तिथलं रोजचं काम. बाई शाळेतून निवृत्त झालेल्या. मुलांनी ऐकायची एक मालिका लिहून त्या माझ्याकडे आल्या. त्यांनी रचलेल्या जगात शब्दच नव्हते, नुसते आवाज होते. आवाज बरोबर लागला की जादू व्हायची. मिटल्या ओठांच्या हुंकाराने बी उगवायचं. टाळूवरून जीभ सोडली की कुलूप उघडायचं. आणि दातांतून बारीक सुरू होऊन पोटात उतरणाऱ्या एका लांब सुस्काऱ्याने अंगातला ताप जायचा.

एकदा मी दोन आवाजांची अदलाबदल केली, तर बाई खरोखरच चिडल्या. "काय करून राह्यलास? आता त्यांची नदी उलटी वाहील ना!"

मालिका मोबाइलवर आली. मुलांना आवडली. मग कुणी तरी तापाचा तेवढाच तुकडा कापून 'गुणकारी ध्वनी' म्हणून सगळीकडे पाठवला. भोकरदनकडच्या एका गावातला महाराज तो दर गुरुवारी कर्ण्यावर लावतो, असं कानावर आलं. बाई म्हणाल्या, "चल. डोळ्यांनी बघू."

दुपारची वेळ होती. मांडवात घामाचा आणि अगरबत्तीचा वास कोंडला होता. सांडलेल्या साखरपाण्यावर माश्या घोंगावत होत्या. कर्ण्यातून बाईंचाच सुस्कारा पुन्हा पुन्हा येत होता आणि महाराज पानाने रंगलेल्या तोंडाने लोकांच्या पाण्याच्या बाटल्यांत फुंकर मारत होता. एका बाटलीत लाल थुंकीची तार तरंगताना मी पाहिली. ते पाणी एक बाप लेकराला पाजत होता. बाईंनी मांडवाचा खांब धरला आणि त्या तिथेच ओकल्या. मी पाणी पुढे केलं, तर बाटलीकडे बघून त्यांनी माझा हात ढकलला.

पुढेच एक आई बसली होती. मांडीवरच्या मुलीचे डोळे अर्धवट मिटलेले, अंग भाजत होतं.

"दवाखान्यात नेल्तं का?" बाईंनी विचारलं.

"न्हाई. आवाजानं उतरंल म्हणले."

बाई सरळ पुढे गेल्या आणि त्यांनी माइक हातात घेतला. "हा आवाज माझा हाय. स्वयंपाकघरात बसून बनवलाय मी. लेकरांची गोष्ट हाय ती. ह्यानं ताप बिलकुल उतरत न्हाई!"

 महाराज उठला, त्याने हात जोडले आणि बाईंच्या पायांवर डोकं ठेवलं. "माय, तुमच्या तोंडून कोण बोललं, ते तुम्हाला कसं कळावं?"

गर्दी उसळली. कुणी त्यांच्या पायाखालची माती उचलली. कुणी "फुंक मारा, माय," म्हणत बाटली थेट त्यांच्या ओठांना लावली. लोकांना ढकलत बाई त्या आईपाशी आल्या. "ऊठ. दवाखान्यात चल."

"तुम्हीच म्हना की तो आवाज," ती म्हणाली. "मंग जाते."

बाईंनी माझ्याकडे बघितलं. जमिनीवरचं चाटायला सांगितल्यासारखा त्यांचा चेहरा झाला होता. मग त्या वाकल्या आणि त्यांनी तो आवाज काढला, अगदी शुद्ध, शेवटपर्यंत. "ह्याचा अर्थ, दवाखान्यात न्या. जल्दी," त्या म्हणाल्या.

आई ताडकन उठली. आम्ही मायलेकींना माझ्या गाडीत घातलं. तपासणीत डेंग्यू निघाला. मुलगी वाचली.

आठवड्याने दवाखान्यात तिला बघून परतताना मी म्हणालो, "बाई, पोरगी वाचली ना."

"वाचली," काचेला कपाळ टेकवून त्या म्हणाल्या. "पण आवाजानं वाचली, असंच सांगत फिरंल तिची माय. आन् ते खोटं तरी कसं म्हनू? माझ्या आवाजानंच उठली ती. शी! किती घाण झाली रे."

मालिका त्यांनी काढून टाकायला लावली, पण कापलेला तुकडा फिरतच राहिला. लोक बाटल्या घेऊन त्यांच्या दाराशी येऊ लागले. एके दिवशी भाजी घेऊन परतल्या, तर आख्खी गल्ली भरलेली. बाई बहिणीकडे परभणीला निघून गेल्या. फोनवर अजून बोलतात, माझ्या मुलांची चौकशी करतात. त्या आवाजांच्या भाषेबद्दल मी एकदाच विचारलं. "विसरले," म्हणाल्या. आणि लगेच मुलांच्या शाळेचं विचारलं.

मध्यंतरी कामासाठी त्याच गावी जाणं झालं. मांडवाच्या जागी आता पत्र्याची शेड आहे. आत बाईंचा मोठा फोटो, त्याला जाड हार. जिवंत बाईच्या फोटोला हार! त्या दिवशी कुणी तरी मोबाइलवर काढलेला फोटो आहे तो. हातात माइक, तोंड उघडं. ताप उतरत नाही, असं ओरडून सांगतानाचं तोंड. त्याच तोंडावर लोक पेढे चिकटवतात. काचेवर तुपकट थर साचला होता आणि त्यात मुंग्या वळवळत होत्या.

मी रुमाल काढून ती काच पुसायला लागलो. ओठ दिसेपर्यंत पुसली.

"दादा, सरका ना," मागची बाई म्हणाली. माझ्या खांद्यावरून हात घालून तिने पुसलेल्या ओठांवर नवा पेढा दाबला आणि बोट चाटलं.