चोपन्न वाचकांचा मंगळवार

मी तिला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ती सार्वजनिक वाचनालयात माझ्या खुर्चीत बसली होती. खुर्ची अर्थात नगरपालिकेची. पण निवृत्तीनंतर नऊ वर्षं रोज तिच्यात बसून मला ती पेन्शनसोबत मिळाल्यासारखीच वाटायची. मी घसा खाकरला. तिने मान वर न करता वहीत एक रेघ ओढली आणि म्हणाली, "या. तुम्ही सतरावे."

ती अर्थशास्त्रज्ञ होती. सरकार कुठल्या कलेला, कुठल्या संस्थेला पोसतं आणि कुणाच्या तोंडचा घास काढून घेतं, यावर ती माहितीपट करायची. कॅमेरा जुन्या टॉवेलात गुंडाळून आणायची. नावामागे डॉक्टर होतं, म्हणून आमच्या ग्रंथपालांनी पहिल्याच दिवशी तिला गुडघा दाखवला. तिने तो नीट पाहिला, वाकवायला लावला आणि मग सांगितलं, "काका, माझा विषय अनुदान आहे."

आमचं अनुदानच बंद होणार होतं. वाचक येत नाहीत, असं पालिकेचं म्हणणं. महिनाअखेरीला समितीची बैठक होती, तिथे तिची फिल्म दाखवली जाणार होती. अनुदान गेलं की वाचनालयाला कुलूप.

आता एवढं संकट आल्यावर माझ्यासारखा मास्तर हातावर हात धरून बसेल? चित्रीकरणाच्या मंगळवारी मी माजी विद्यार्थी, त्यांच्या बायका, शेजारी, माझा मेहुणा, सगळ्यांना गोळा केलं. इस्त्रीचे कपडे, हातात पुस्तक, तोंडातून अवाक्षर नाही. बायको म्हणाली, "अहो, निवृत्त झालात ना? मग हे इन्स्पेक्शन कुणाचं?"

डॉक्टरबाईंनी तासभर चित्रीकरण केलं आणि मला बाजूला घेतलं.

"सर, तीन आठवडे मी मोजतेय. मंगळवारी एकोणीसच्या वर आकडा गेला नाही. आज चोपन्न?"

"लोकांत जागृती झाली असेल."

"तुमच्या मेहुण्यांच्या हातात रेल्वेचं वेळापत्रक आहे. तासभर एकाच पानावर आहेत."

"तो सावकाश वाचतो."

ती हसली नाही. "समितीतल्या एकाने जरी यांना ओळखलं, तर माझे खरे एकोणीसही खोटे ठरतील. कळतंय का?"

पस्तीस वर्षं मी मुलांना कॉपी करताना पकडलं. पकडलं गेल्यावर चेहरा कसा ठेवायचा, हे मात्र मला कुणी शिकवलं नव्हतं. "चुकलो," एवढंच म्हणालो.

तिने ते सगळं चित्रीकरण टाकून दिलं. पुढच्या मंगळवारी परत येऊन तिने खऱ्या वाचकांना एकच प्रश्न विचारला: हे बंद झालं तर उद्या या वेळी कुठे असाल? नोकरीच्या परीक्षेचा अभ्यास करणारी एक मुलगी म्हणाली, "घरी. पण घरी टेबल नाही." मी अठरा मिनिटं बोललो. फिल्ममध्ये मी चार सेकंद आहे, चष्मा शोधताना.

बैठकीत एका सदस्याने तिला दोनदा विचारलं, "आकडा खरा ना?" दोन्ही वेळा ती "हो" म्हणाली, आणि मागच्या रांगेत मी माझ्या चपलांचं निरीक्षण केलं. समितीने सकाळची वेळ बंद केली, पण अनुदान आणखी एक वर्ष चालू ठेवलं.

हल्ली ती दुसऱ्या शहरात असते. आठवड्यातले तीन दिवस कॉलेजात शिकवते आणि उरलेल्या दिवसांत बंद पडू घातलेल्या एका नाट्यगृहावर फिल्म करते.