चिमणी उडवायची नाही

नवरा गेल्यावर सगळ्यांनी गृहीतच धरलं, की आता ही मुलाकडे जाणार. मी बडोद्याला, तरसालीतच राहिले आणि वर एक हट्ट धरला: चार मिनिटांची ॲनिमेशन फिल्म करायची, तीही कुणाची मदत न घेता.

गोष्ट साधी होती. उत्तरायणात कापला गेलेला पतंग कडुनिंबात अडकतो. दोऱ्याच्या भीतीने पाखरं लांब राहतात, एक चिमणी तेवढी येते. चित्रं कागदाची. टेबलावर जराशी सरकवायची आणि फोटो काढायचा. सेकंदाला बारा फोटो. वरून फोटो घ्यायला मोबाइल मी पंख्यालाच बांधला होता, म्हणजे बडोद्याच्या मे महिन्यात पंखा बंद. घामाने निथळत होते, पण सोडत नव्हते.

त्यात वरच्या मजल्यावर एकट्या राहणाऱ्या गुजराती आजी, सगळ्यांच्या बा, रोज अकराला खलबत्ता घेऊन मसाला कुटायच्या. ठोका पडला की मोबाइल डुलायचा. शेवटी तणतणत वर गेले. बांनी बत्ता ठेवला आणि माझ्या मागोमाग खाली आल्या. झालेलं काम बघून त्यांनी कागदाच्या चिमणीवर बोट ठेवलं. "आ चाले छे केम? ए तो कूदे, बेन!"

तीस वर्षं शाळेत चित्रकला शिकवलेल्या बाईला ही शिकवणार! पण गॅलरीत पाहिलं तर खरी चिमणी दोन्ही पायांवर टुणटुण उड्या मारत होती. मी तिला साळुंकीची चाल दिली होती. तीन आठवडे पाण्यात. त्याच दुपारी सगळे फोटो पुसून पहिल्यापासून सुरुवात केली.

दुसऱ्या दिवशी अकराला बा दारात हजर. त्या चिमणी सरकवायच्या, मी फोटो काढायची. मदत नको म्हणणारी मी गुपचूप त्यांच्यासाठी चहा टाकू लागले.

शेवटच्या प्रसंगात चिमणी उडून जाते, पतंग एकटा उरतो. बांनी चिमणी दाबून धरली, सरकवायलाच तयार नाहीत. "हुं नहीं खसेडुं."

"बा, फिल्म मारी छे!" माझ्या फिल्ममध्ये ही ढवळाढवळ मला खपेना.

"तारी ज छे. पण अगियार वरसथी उपर एकली छुं. कोई आवे ने पाछुं जाय, एवुं मारा हाथे नहीं थाय."

अकरा वर्षं वर एकट्या राहिलेल्या बांना, आलेल्या कुणाला आपल्या हाताने परत पाठवायचं नव्हतं. माझा राग कुठल्या कुठे गेला. इतके दिवस मीही एकटेपणाने कासावीस झाले होते, आणि ते कबूल करायला मला लाज वाटत होती.

चिमणी राहिली. त्यासाठी आणखी दोनशे फोटो लागणार होते. मी गुजराती विसरून मराठीतच म्हटलं, "उद्या अकराला या. नाही आलात तर मी वर येऊन तुम्हाला घेऊन जाईन."