न बघता मारलेली सही

गोव्यात सुर्ल्याला खनिजाचे ट्रक रस्त्याला लागायच्या आधी मी प्रत्येक ट्रकच्या खाली वाकून बघतो. गुडघे कुरकुरतात, पॅन्टला तांबडी माती लागते आणि ड्रायव्हर लोक आपापसांत हसतात. "पात्रांव, देवाक नमस्कार जालो?" असं त्यांच्यातला एक वात्रट रोज विचारतो. पात्रांव म्हणजे मालक. मी कुठला मालक, वाहतुकीवर देखरेख ठेवणारा पगारी माणूस, हे त्या लब्बाडाला पक्कं ठाऊक आहे. मी त्याला रोज एक शिवी देतो आणि पुढच्या ट्रकखाली वाकतो.

लष्करात ह्याला फर्स्ट परेड म्हणतात. सकाळी गाडी सुरू करण्याआधी तेल, पाणी, टायर, ब्रेक सगळं बघायचं, ब्रेकवर पाय ठेवून दाबायचं, आणि मग वहीत सही करायची. आधी बघायचं, मग सही. इतकी साधी गोष्ट आहे. बावीस वर्षांच्या नोकरीत मी ती हजारो वेळा नीट केली आणि एकदा केली नाही. लोक विचारतात, इतकी वर्षं काढलीस आणि हवालदार म्हणूनच कसा रे परत आलास? मी म्हणतो, नशीब. ते खोटं आहे. आज खरं काय ते लिहितो.

आमची पलटण तेव्हा उत्तरेकडच्या डोंगरात होती. गाड्यांचा विभाग माझ्याकडे. हाताखाली बारा ड्रायव्हर, त्यातला एक गोव्याच्या सीमेपलीकडचा, सिंधुदुर्गातला. माझं गाव गोव्यातलं हळर्ण, त्याचं गाव तिथून तासाभराच्या वाटेवर. इतक्या लांब आपल्या बोलीचं माणूस भेटणं म्हणजे काय ते बाहेर राहिलेल्यालाच कळेल. चारचौघांत तो मला 'उस्ताद' म्हणायचा, दोघेच असलो की 'दादा'. घरून त्याला कोकमं आली की अर्धी माझ्याकडे यायची. गावाकडे तो चिऱ्यांचं घर बांधत होता. भिंती जनेलापर्यंत, म्हणजे खिडकीच्या उंचीला, आल्या होत्या आणि त्यांचे फोटो तो दिवसातून दहा वेळा मोबाईलवर दाखवायचा. "रे, भिंत ती भिंतच, काल होती तशीच आज आहे," असं मी खेकसायचो. तो हसून पुढचा फोटो काढायचा.

त्या आठवड्यात वर्षाची मोठी तपासणी होती. तपासणी आली की पलटणीत वेड लागतं. झाडांच्या बुंध्यांना गेरू, दगडांना चुना, बादल्यांवर नंबर. त्या सकाळी मी बारा वह्या मांडीवर घेऊन बसलो आणि चहा पिता पिता बाराच्या बारा सह्या ठोकल्या. एकाही गाडीखाली वाकलो नाही. माझं सगळं लक्ष दगड रंगवणाऱ्यांकडे होतं, कारण साल्यांनी चुना पातळ केला होता.

दहाच्या सुमाराला तो आला. "दादा, माझ्या गाडीचो ब्रेक नरम लागता. पाय लय खाली जाता."

वर तीन किलोमीटरवर आमची चौकी होती, तिथे दुपारचं जेवण पोचवायचं होतं. दुसरी गाडी काढायची तर तिच्यातलं रंगाचं सामान उतरवावं लागलं असतं. मी म्हटलं, "जा रे, एक फेरी तर आहे. आल्यावर बघू. हळू चालव." मग स्वयंपाक्याला हाक मारली. पलटणीचा स्वयंपाकी त्याच डोंगराळ मुलखातला, कमी बोलणारा, हाताला चव असलेला माणूस. त्याला मी म्हटलं, "मागे बस, डबे धर. डाळ सांडली तर चौकीवरचे माझ्या नावानं ओरडतील." तो डबे घेऊन मागे चढला.

चौकीच्या अलीकडे एक उतार लागतो. तिथे ब्रेक गेला. एका बाजूला दरी. ड्रायव्हरनं गाडी डोंगराच्या अंगाला घातली म्हणून दोघे जिवंत राहिले. त्याला फक्त खरचटलं. स्वयंपाक्याचा उजवा पाय गाडीची फळी आणि खडक यांच्यामध्ये सापडला. इस्पितळात गुडघ्याखालून कापावा लागला.

चौकशी बसली. एक मेजर आणि दोन अधिकारी, समोर टेबल, टेबलावर माझी वही. पहिला प्रश्न मला होता: सकाळी गाडी तपासली होती का? वहीवर सही तर होतीच. मी म्हणालो, "तपासली होती साहेब. ब्रेक ठीक होता."

हे वाक्य माझ्या तोंडून इतक्या सहज निघालं की माझं मलाच नवल वाटलं. नायब सुभेदारीच्या यादीत माझं नाव लागलेलं होतं. दोन महिन्यांत खांद्यावर तारा येणार होता. डोक्यात दुसरं काही नव्हतं, खरंच नव्हतं.

मग ड्रायव्हरला विचारलं. ब्रेकमध्ये दोष जाणवला होता का? तो म्हणाला, हो. कुणाला सांगितलंस? त्यानं माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. "कुणाला नाही साहेब. वाटलं, जाईल." आणि त्यानं ते लिहून खाली सही केली. दोष माहीत असून गाडी काढली, कुणाला कळवलं नाही, माणूस जायबंदी झाला. नोकरी जाणार हे आम्हा सगळ्यांना दिसत होतं. दिसत होतं आणि मी मूग गिळून उभा राहिलो.

स्वयंपाक्याचा जबाब घ्यायला इस्पितळानं अजून परवानगी दिली नव्हती, म्हणून चौकशी तीन आठवडे पुढे गेली. माझी रजा आधीच मंजूर होती. मी गावाला आलो.

घरी आल्यावर मी अर्धंच सांगितलं. अपघात झाला, चौकशी चालू आहे, माझं नाव उगाच मध्ये येतंय. वडिलांनी पुढचं काही विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी नारळ घेतला आणि मला देवळात घेऊन गेले. आमच्याकडे संकट आलं की गाऱ्हाणं घालतात. देवासमोर नारळ ठेवून घरचा किंवा गावचा जाणता माणूस मोठ्यानं सगळी हकीकत सांगतो, मागणं मागतो, आणि जमलेले लोक प्रत्येक मागण्याला होकार देतात. एकट्याचं मागणं सगळ्यांचं होतं. वडील गाऱ्हाणं घालण्यात पटाईत. त्यांचा आवाज लागला की वाटेनं जाणारी माणसंही चपला काढून आत यायची. त्या दिवशीही दहा-पंधरा जण जमले. शेजारी होते, पोदेर, म्हणजे पाववाला, सायकल बाहेर लावून आत आला होता, शाळेतले जुने मास्तर होते.

वडिलांनी हात जोडले. "बा देवा म्हाराजा, ह्या तुझ्या लेकरान आजपर्यंत इमानान नोकरी केल्यान."

"व्हय म्हाराजा!" लोक म्हणाले.

"दुसऱ्याच्या चुकीचो आळ तेच्यार येता हा. तो दूर कर."

"व्हय म्हाराजा!"

"आणि जो कोण चुकलो आसात, तेचा ता तेका भोगूक दी, रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

पोदेर सगळ्यांत मोठ्यानं ओरडला. बिचाऱ्याला काय माहीत. माझं तोंड उघडेना. देव बघतोय म्हणून घाबरलो असं म्हटलं तर ते छान दिसेल, पण तसं नव्हतं. मला लाज वाटली ती त्या माणसांची. त्यांनी काही बघितलं नव्हतं, काही विचारलं नव्हतं. माझ्या शब्दावर ती देवासमोर साक्ष देत होती, आणि ज्याच्या वाट्याला भोग यावा म्हणून घसा ताणून ओरडत होती, तो माणूस तिकडे माझ्यासाठी खोटं लिहून देऊन बसला होता. मी न बघता सही केली ती बारा वह्यांवर. इथे माझ्यामुळे पंधरा माणसांनी न बघता सही केली.

परतताना शेताच्या बांधावर मी वडिलांना सगळं सांगितलं. ते थांबले. हातातली नारळाची कवड खाली ठेवली.

"देवाच्या तोंडार माका खोटो पाडलंस?" ते म्हणाले.



"माझ्या जिभेन बोलयलंस. गावाच्या जिभेन बोलयलंस." असा संताप मी त्यांचा कधी पाहिला नव्हता. मला वाटलं, आता म्हणतील, जा आणि खरं सांग. तसं काही झालं नाही. बराच वेळ ते बांधावरचं गवत उपटत राहिले. मग म्हणाले, "आता झाला ता झाला. तो ड्रायव्हर तुझा नाव घेणा नाय, तर तू कित्याक घेतंस? तारो लागूंदे खांद्याक. मगे बघू."

मला त्यांचा राग आला आणि कणवही आली. बापच तो. मुलासाठी देवाशी भांडायला निघालेला माणूस मुलासाठी मूग गिळायलाही तयार होता. मी म्हटलं, "बाबा, नाही जमणार." जेवताना त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही. रजेचे चार दिवस उरले होते, ते सोडून मी निघालो. स्टेशनवर सोडायला तेच आले. गाडी हलली तेव्हा म्हणाले, "सगळा सांग. अर्धा सांगा नको."

पलटणीत पोचल्यावर मी मेजरसाहेबांकडे अर्ज केला की मला जबाब बदलायचा आहे. ठरल्या तारखेला चौकशी पुन्हा बसली. ड्रायव्हर एका बाजूला उभा. मी सांगितलं: गाडी तपासली नव्हती. सही न बघता केली. ह्यानं दहा वाजता येऊन ब्रेक नरम असल्याचं मला सांगितलं होतं आणि मीच त्याला जायला सांगितलं.

मेजरसाहेबांनी पेन खाली ठेवलं. माझ्यापेक्षा दहा वर्षांनी तरी लहान असतील. "पहिला जबाब खोटा होता?"

"होय साहेब."

"यादीत तुमचं नाव आहे. कळतंय ना?"

"कळतंय साहेब."

त्यांनी पेन उचललं आणि लिहायला लागले. शाबासकी नाही, रागावणं नाही. मला वाटतं ते बरोबर होतं. जे पहिल्या दिवशी करायचं ते तीन आठवड्यांनी करणाऱ्याला कुणी शाबासकी कशाला द्यावी?

ड्रायव्हरची नोकरी वाचली. खोटा जबाब दिला म्हणून समज मिळाली, तेवढीच. मला कडक ताकीद लागली आणि तारा गेला तो गेलाच. बाहेर आल्यावर तो माझ्यावर उखडला. "दादा, आदी माका सांगूचा तरी व्हता! मी लिवन दिलंय की कोणाक सांगूक नाय म्हणून. आता सगळ्यांसमोर मी खोटो ठरलंय!"

"तुला कुणी सांगितलं होतं रे खोटं लिहायला? गावकी निभावणारा आलाय मोठा!" मीही ओरडलो. त्याचे डोळे भरून आले. त्यानं खिशातून मोबाईल काढला आणि भिंतीचा फोटो दाखवला. ह्या वेळी मी तो नीट बघितला.

त्या दिवशी मला हलकं हलकं वाटत होतं. खरं सांगायचं तर थोडी ऐटही आली होती. तारा घालवला पण माणूस वाचवला, असं मनातल्या मनात दोनदा-तीनदा घोळवून झालं होतं. पुढच्या रविवारी मी स्वयंपाक्याला भेटायला इस्पितळात गेलो. गावाहून आणलेलं खाजं, आलं-गुळाचा जत्रेतला खाऊ, त्याच्यासाठी राखून ठेवलं होतं.

तो जनरल वॉर्डात खिडकीजवळ बसला होता. चादर उजव्या बाजूला गुडघ्याच्या पुढे सपाट होती. मी स्टूल ओढून बसलो आणि चौकशीत काय सांगितलं ते त्याला सगळं सांगितलं. वडिलांनी बजावलं होतं तसं, अर्धं ठेवलं नाही. माफी मागितली. तो शांतपणे ऐकत होता. मध्ये त्यानं खाज्याचा एक तुकडा मोडून तोंडात टाकला आणि आलं छान लागतंय म्हणाला.

मग विचारलं, "म्हणजे मला मागे बसवलंत तेव्हा तुम्हाला ब्रेकचं माहीत होतं?"

"होय."

"त्यालाही माहीत होतं?"

"होय."

तो रागावला नाही. रागावला असता तर मला सोपं गेलं असतं. मला वाटलं, आता तो म्हणेल, ठीक आहे उस्ताद, तुम्ही खरं तर बोललात. ते ऐकायलाच मी आलो होतो, हे मला तिथे बसल्यावर कळलं. त्यानं खाज्याचा पुडा नीट मिटला, उशीजवळ ठेवला आणि खिडकीबाहेरच्या चढावाकडे बघत राहिला.

"तीन किलोमीटर तर होती चौकी," तो म्हणाला. "मला सांगायचं होतंत, उस्ताद. डबे पाठीवर टाकून मी चालत गेलो असतो."