पाइपला पाणी घालणाऱ्या ठमाकाकी

आमच्या शेजारच्या ठमाकाकी रोज सकाळी घरामागच्या एका लोखंडी पाइपला बादलीभर पाणी घालायच्या. त्यामुळे त्यांच्या डोक्यावर परिणाम झालाय, असं सगळं वरकुटे गाव म्हणायचं. पलीकडच्या सिंधुबाईंचं पुढचं म्हणणं, की काकी त्या पाइपशी बोलतातसुद्धा.

बोलायच्या हे खरं. पण पाइपशी नव्हे, नवऱ्याबद्दल. तो पाइप म्हणजे घराचं अर्थिंग, चुकार वीज जमिनीत सोडणारं. घर चाळीस वर्षांपूर्वीचं आणि वायरिंगही तेव्हाचंच: भिंतीवर लाकडी पट्ट्या, आत हात लावला की रबराचा भुगा पडणाऱ्या वायरी. वीज कुठूनतरी झिरपून फ्रिजच्या दारात यायची. उन्हाळ्यात पाइपभोवतीची माती सुकली की फ्रिज चावायचा, माती ओली असली की गप्प बसायचा. हा शोध काकींनी स्वतःची बोटं खर्चून लावला होता.

काकींचे यजमान आप्पासाहेब शेतीत फार पुढारलेले. डाळिंबाच्या बागेतली मोटार घरात बसून मोबाइलवर चालू करतात. तिची केबलही नवीकोरी. घराच्या वायरिंगचा विषय निघाला की डोळे अर्धे मिटून, आवाज घशात दाबून त्यांचं एकच वाक्य यायचं, "त्याचं काय हाय, घराला कुठं फळं लागत्यात?"

मे महिन्यात नात छकुली सुट्टीला येणार होती. ओल्या हातानं दिवसातून दहादा फ्रिज उघडणारी पोरगी. ती यायच्या आत वायरिंग बदलायचंच, असं काकींनी ठरवलं. काका ऐकायचे नाहीत, असं मी म्हणाले आणि पैज लागली. हरेल तिनं उन्हाळाभर पाइपला पाणी घालायचं.

काकी भांडल्या नाहीत, रुसल्या नाहीत. पिशवी भरून आठ दिवसांसाठी माहेरी, कळसला निघाल्या. जाताना एवढंच म्हणाल्या, "अवो, पायपाला पाणी घालत जावा. न्हाय जमलं तर फ्रिजला हात लावताना पायात चप्पल ठेवा."

काका हसले. आमच्या ओट्यावर येऊन त्यांनी काकींची नक्कलही केली. बरी जमली नव्हती; मला त्याहून चांगली येते.

चौथ्या दिवशी अंघोळ करून, अनवाणी, ते फ्रिजमधलं ताक घ्यायला गेले. आमच्याकडे फक्त तांब्या पडल्याचा आवाज आला. मी धावत गेले तर काका भिंतीला टेकून मनगट चोळत होते.

"त्याचं काय हाय," ते म्हणाले. मग त्यांनी आधी चप्पल ओढून पायात घातली.

संध्याकाळी बारामतीहून ज्ञानेश वायरमन हजर. फोन खुद्द काकांचा. छकुली आली तेव्हा घरभर नव्या वायरी होत्या.

आता पाण्याची गरज उरली नाही, असं मी काकींना पटवू पाहिलं. त्यांनी ज्ञानेशलाच फोन लावून माझ्या कानाला दिला. अर्थिंग नवं असलं तरी उन्हाळ्यात माती ओली पाहिजे, म्हणाला.

सध्या सकाळी साडेसहाला बादली माझ्या हातात असते. सिंधुबाई कुंपणापलीकडून बघतात. माझ्याबद्दल त्या काय बोलतात, ते मी त्यांच्याच आवाजात म्हणून दाखवू शकते.