पडद्यावरचा पत्ता

लिदियाबाईंनी ओर्सोलाला पहिल्यांदा पाहिलं ते रोमच्या स्टेशनवर. युद्ध संपल्यावर रशियाच्या कैदेतून सुटलेले सैनिक गाडीतून उतरत होते आणि ही धोबीण एकेकासमोर आपल्या मुलाचा फोटो धरत होती. लिदियाबाईंच्या हातात शाळेच्या वह्या दिसल्या तशी ती पुढे आली.

"बाई, याच्याखाली माझा नवा पत्ता लिहून द्याल? सान लोरेन्झोतलं घर बाँबमध्ये गेलं. रेन्झो आला तर मला शोधणार कुठं?"

बाईंनी लिहून दिला: गार्बातेल्ला, सात नंबरची चाळ.

ओर्सोला धुणं अजून सान लोरेन्झोत, पडलेल्या घराजवळच्या हौदावरच धुवायची. पुढच्या वसंतात तिथं सिनेमावाले आले. ना दिवे, ना रंगरंगोटी. दिग्दर्शकाला नटी नकोच होती. ओर्सोलाचे भेगाळलेले हात हवे होते. ती केस सारखे करू लागली तर म्हणाला, "राहू द्या मावशी, असेच छान आहेत."

"छान म्हणे! आरशाला विचारा!" शेजारच्या दगडावरून तेरेसिना खिदळली.

कॅमेरा लांब ठेवला होता. पडकी भिंत, दोरीवरच्या चादरी, धुणाऱ्या बाया, सगळं एका दमात टिपायचं होतं. ओर्सोलाने फक्त मुलाला हाक मारायची.

"बोलू काय?"

"काहीही. मनातलं बोला."

तिने पिळलेली चादर तशीच छातीशी धरली. "रेन्झो, आपलं घर पडलं रे! मी गार्बातेल्लात आहे. सात नंबरची चाळ!"

तेरेसिनाचंही हसू थांबलं.

"फोटो एका वेळी एकालाच दाखवता येतो, बाई," ओर्सोला नंतर लिदियाबाईंना म्हणाली. "हे सगळ्या देशाला ऐकू जाईल." बाईंनाही ते पटलं.

सिनेमा लागला तेव्हा दोघी शेजारीशेजारी बसल्या. हौद आला तशी ओर्सोलाने बाईंचा हात घट्ट धरला. पडद्यावरच्या ओर्सोलाने तोंड उघडलं आणि कुणा परक्या बाईच्या गोड आवाजात म्हणाली, "पेपीनो, येताना पाव आण!"

बाहेर पडताना बाईंनी सिनेमाचं यंत्र चालवणाऱ्याला गाठून आवाजाचं विचारलं.

"आवाज होय? तो मागाहून भरतात, बाई. रस्त्यावर कोण टिपतंय!"

"ओठ माझेच होते ना, बाई?" ओर्सोलाने विचारलं.

"तुझेच गं. मला पत्ता सगळा वाचता आला."

"तुम्हाला तो आधीच ठाऊक होता," ओर्सोला म्हणाली.

आता तिच्या घरात नळ आला आहे. तरी दर गुरुवारी ती दोन ट्राम बदलून सान लोरेन्झोच्या हौदावरच धुणं घेऊन जाते.