‘सिंधुवेध’ची एकशे बारावी मोहीम

दुपारचं जेवण झालंय. टेबलावर ‘सिंधुवेध’चा सेवा-इतिहास पसरलाय. मीच लिहिलेला, छपाईआधी शेवटचा तपासायला आलेला. नौदलाचं हे समुद्र-संशोधन जहाज पुढच्या आठवड्यात निवृत्त होतंय. अकरा वर्षं मी त्यावर वैज्ञानिक होते, म्हणून पुस्तिकेचं काम माझ्याकडे आलं. जलावतरण, पहिली मोहीम, तेहतीस वर्षांतली बंदरं... ओळी एकमेकींत मिसळायला लागतात. डोळे मिटतायत हे कळतंय. पंख्याच्या आवाजात हळूहळू जहाजावरच्या विंचची घरघर शिरते.

“मॅडम, पान चोवीस.”

समोरच्या खुर्चीत दाजी तोरसकर बसलेत. आमचे विंचचालक. वायरला बांधलेली यंत्रं समुद्रात सोडायची आणि वर ओढायची, हे त्यांचं काम. त्यांना जाऊन नऊ वर्षं झाली. तेव्हा मी त्यांच्या गावी, वेंगुर्ल्याला गेले नव्हते.

“तोरसकर, बरं झालं आलात. मला बोलायचंय तुमच्याशी.”

“आधी पान चोवीस वाचा.”

वाचते. ‘एकशे बाराव्या मोहिमेत विंचचालकाच्या निष्काळजीपणामुळे वायर तुटून मापनयंत्र गमावले.’

“हे जुन्या अहवालातून घेतलंय,” मी घाईघाईने म्हणते.

“अहवाल कोणी लिहिला होता?”

मीच. तेवढं सांगायला तोंड उघडते, तर पायाखाली जहाजाचा मागचा डेक आहे. लोखंड उन्हाने तापलंय. वायर पाण्यात सरळ खाली गेलीय. तोरसकरांचा हात विंचच्या दांड्यावर.

“अठराशे मीटर. विंचवर उरलेल्या पुढच्या वायरचे पीळ सुटलेत मॅडम. वर घेऊ.”

तेव्हाही ते हेच म्हणाले होते. मला दोन हजार मीटरवरचं मापन हवं होतं, माझा प्रबंध त्यावर अडला होता. आता मला म्हणायचंय, वर घ्या. तोंडातून येतं, “अजून दोनशे सोडा.”

“नाही! तसं नव्हतं म्हणायचं मला!”

“म्हणालात ना पण.”

वायर धावते. एक झटका, आणि तुटलेलं टोक सपकन डेकवर येऊन आपटतं.

“चौकशीत मी गप्प बसले,” मी ओरडते, कारण विंच काही थांबत नाही. “तुमची बढती गेली. तोरसकर, ऐकताय का?”

“ऐकायचं काय त्यात? मी होतो की तिथे.”

ते अंगणातल्या पंपावर हात धुतायत. हे वेंगुर्ल्याचं घर असणार, मी कधीच न पाहिलेलं. विंचचा ड्रम अंगणाच्या मधोमध उभा आहे आणि त्यावर सुपात मिरच्या वाळतायत.

“सोलकढी घेणार?”

“मला काही नको. माफ केलं म्हणा.”

“ताजी आहे.”

“तुम्ही विषय का बदलताय सारखा?” मला रडू येतंय, रागाने.

ते पंच्याला हात पुसतात. “मॅडम, बायको मरेपर्यंत समजत होती, चूक माझीच. मुलगा अजून समजतो. जहाजाच्या निरोप समारंभाला यायचाय तो. ही पुस्तिका त्याच्या हातात पडणार. आणि तुम्ही माझ्याशी काय बोलत बसलात?”

“तुम्ही त्यांना खरं सांगितलं नाहीत?”

“सांगितलं. कागदावर वेगळं होतं.”

मग मी पेन शोधते. सापडतं, पण कागद भिजलेला. अक्षर उमटतच नाही. दाबते. आणखी जोर लावते. मनगट दुखायला लागतं.

“माफ केलंत का, एवढं तरी सांगा!”

“आधी लिहून होऊ दे,” ते पाठमोरेच म्हणतात, आणि आत जातात.

फोन वाजतोय. मान अवघडलीय, पेन मुठीत. पुस्तिकेचं काम बघणारे तरुण अधिकारी बोलतायत. “मॅडम, प्रेसवाले खोळंबलेत. पाठवू ना छपाईला?”

“थांबा.”

चोविसाव्या पानावरची ती ओळ इतकी जोरात खोडलीय की कागद फाटलाय. शेजारी माझंच वेडंवाकडं अक्षर. ते वाचून दाखवते. “वायर सोडायला मी सांगितलं. तोरसकर नको म्हणत होते.”

“हे... असंच छापायचं?”

“असंच. खाली माझं पूर्ण नाव.”

फोन ठेवून पान उचलते. खाली टेबलाच्या लाकडातही ती रेघ खोल उतरलीय. बोट फिरवलं की लागते.